अननसावरच्या तिरप्या ओळी ८, १३ आणि २१ च का भरतात?

कोथरूडकर

मंडळी, प्रश्न जरा लांबट आहे, तेव्हा आधीच क्षमा मागते.

गेल्या रविवारी सातवीतल्या भाचीला घेऊन मंडईत गेले होते. शाळेच्या प्रकल्पासाठी तिला सालासकट अननस हवा होता. आमच्या आधीच्या गिऱ्हाइकाचा अननस विक्रेता सोलत होता आणि ती टक लावून पाहत होती. साल उतरवल्यावर त्याने डोळे एकेक करून टिपले नाहीत. फळ हातात फिरवत त्याने तिरप्या खाचा पाडल्या आणि डोळ्यांच्या ओळीच्या ओळी उचलल्या. ‘डोळे असे ओळीत का असतात हो?’ असे तिने विचारल्यावर तो म्हणाला, ‘ओळीत नसते तर अर्धे फळ कचऱ्यात गेले असते.’ उत्तर व्यवहाराला धरून होते, पण भाचीचे समाधान झाले नाही.

घरी आल्यावर आम्ही रंगीत डोक्यांच्या टाचण्या घेऊन बसलो. एका बाजूला सावकाश चढत जाणाऱ्या ओळींना लाल, विरुद्ध बाजूला त्याहून उभ्या जाणाऱ्यांना निळ्या, आणि जवळजवळ सरळ उभ्या दिसणाऱ्या तिसऱ्या ओळींना पिवळ्या टाचण्या टोचल्या. लाल ओळी ८ भरल्या, निळ्या १३ आणि पिवळ्या २१. दुसरा अननस आकाराने बराच वेगळा होता, तरी आकडे तेच आले. ८ आणि १३ यांची बेरीज २१ होते हे भाचीच्याच लक्षात आले.

यावरून घरात दोन पक्ष पडले. सासरे म्हणाले, ‘ही देवाची सही आहे, ज्याला वाचता येते त्याने वाचावी.’ दीर म्हणाले, ‘योगायोग आहे, शोधायला बसले की काहीही सापडते.’ मला दोन्ही उत्तरे घाईची वाटली. म्हणून दुसऱ्या दिवशी सकाळी सोसायटीच्या बागेत मोजणी केली. तगरीच्या पाकळ्या ५ भरल्या आणि सासरे खूश झाले. पारिजातकाच्या खाली पडलेल्या बहुतेक फुलांना ६ निघाल्या, काहींना ७, आणि दीर खूश झाले. गॅलरीतल्या तुळशीची पाने तर जोडीजोडीने येतात, तिथे कसलीच तिरपी ओळ दिसत नाही.

तर माझे प्रश्न दोन आहेत. अननसावर हेच आकडे का येतात? आणि येत असतील, तर त्याचा काही अर्थ असतो का?

निवृत्त मास्तर

मी तीस वर्षे महाविद्यालयात वनस्पतिशास्त्र शिकवले, त्यामुळे पहिल्या प्रश्नाचे उत्तर देतो. दुसरा माझ्या आवाक्याबाहेरचा आहे, आणि माझा अनुभव असा की तो आधी विचारला की पहिल्याचा विचका होतो.

अननसाचा एकेक डोळा म्हणजे एकेका फुलापासून तयार झालेले छोटे फळ असते, आणि अशी शंभरावर फळे एकत्र जुळून आपण ज्याला अननस म्हणतो ते तयार होते. ही फुले एकदम निर्माण होत नाहीत. वाढत्या शेंड्याशी अगदी लहान जागेत एकामागून एक अंकुर फुटतात आणि शेंडा पुढे सरकत गेला की जुने अंकुर बाजूला आणि खाली राहतात. नवा अंकुर नेमका कुठे फुटायचा, याचा नियम हॉफमाइस्टर या जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञाने १८६८ मध्ये सांगितला: आधीच्या अंकुरांनी जिथे सर्वांत जास्त मोकळी जागा सोडली असेल तिथे. रिकाम्या बसमध्ये चढणारा प्रत्येक प्रवासी आधी बसलेल्यांपासून होता होईल तो लांबची जागा धरतो, तसेच हे आहे. पुढे यामागचे रसायनही कळले. ऑक्सिन नावाचे संप्रेरक जिथे साठते तिथे अंकुर फुटतो, आणि फुटलेला अंकुर आजूबाजूचे ऑक्सिन स्वतःकडे ओढून घेतो, त्यामुळे त्याच्या शेजारी लगेच दुसरा फुटू शकत नाही.

एवढा एकच नियम पुन्हा पुन्हा लागू होत गेला, तर लागोपाठच्या दोन अंकुरांमधला कोन बहुतेक वनस्पतींत १३७.५ अंशांच्या आसपास स्थिरावतो. आता वही-पेन्सिल घ्या आणि भाचीला गुणाकार करायला बसवा. ८ अंकुरांत ११०० अंश होतात, म्हणजे तीन पूर्ण फेरे आणि वर २० अंश. १३ अंकुरांत १७८७.५ अंश होतात, म्हणजे पाच फेऱ्यांना १२.५ अंश कमी. २१ अंकुरांत २८८७.५ अंश होतात, म्हणजे आठ फेरे आणि वर ७.५ अंश. याचा अर्थ, कोणत्याही एका डोळ्याला जवळचे शेजारी म्हणून पुढचा आठवा, तेरावा आणि एकविसावा डोळा लाभतो, आणि आठव्या-आठव्याला जोडत गेलो की बरोबर ८ ओळी तयार होतात, तेराव्या-तेराव्याला जोडत गेलो की १३. शिल्लक अंशांकडे नीट पाहा: एकदा पुढे २०, एकदा मागे १२.५, आणि २० मधून १२.५ गेले की उरतात ७.५. तुमच्या भाचीला जी बेरीज दिसली ती इथून आली आहे. आठ पावले एका बाजूला झुकून आणि तेरा पावले दुसऱ्या बाजूला झुकून जिथे पोहोचाल, तिथेच एकविसावा डोळा असतो. हे खरे असेल तर तुमच्या लाल आणि पिवळ्या ओळी एकाच बाजूला झुकायला हव्यात आणि निळ्या विरुद्ध बाजूला. टाचण्या अजून काढल्या नसतील तर पाहून सांगा.

यात वनस्पतीचे स्वतःचे असे काही गणित नाही, हे दाखवणारा एक सुंदर प्रयोग आहे. १९९२ मध्ये दुआदी आणि कूदे या दोन फ्रेंच भौतिकशास्त्रज्ञांनी तेलाने भरलेल्या बशीच्या मधोमध चुंबकीय द्रवाचे थेंब ठरावीक वेळाने सोडले. थेंब एकमेकांना दूर ढकलत होते आणि चुंबकीय क्षेत्र त्यांना काठाकडे ओढत होते. थेंब सावकाश सोडले की ते आलटून पालटून समोरासमोर जात. वेग वाढवत नेला की त्यांच्यातला कोन १३७.५ च्या दिशेने सरकू लागे आणि बशीत सूर्यफुलासारखी नक्षी उमटे. त्या बशीत ना जनुके होती ना पेशी.

जाता जाता एक खटकणारी गोष्ट. पानांना सूर्यप्रकाश जास्त मिळावा म्हणून हा कोन असतो, असे पुष्कळ ठिकाणी छापलेले असते. पानाची जागा कळीच्या आत, उजेड दिसण्याच्याही आधी ठरलेली असते, आणि अननसाच्या डोळ्यांना एकमेकांच्या सावलीचे काही सुखदुःख नसते.

शंकेखोर सदाशिव

मास्तरांनी सांगितलेले मान्य आहे, पण तगरीच्या पाच पाकळ्यांना या पंगतीत बसवू नका, एवढीच विनंती करायला आलो.

१, २, ३, ५, ८, १३, २१ अशी, प्रत्येक संख्या मागच्या दोहोंची बेरीज असलेली मालिका फिबोनाची मालिका म्हणून ओळखली जाते. म्हणजे १ ते ८ या आठ संख्यांपैकी पाच तिच्यातल्याच. डोळे मिटून एखादी लहान संख्या उचलली तरी ती ‘निसर्गाची खूण’ निघण्याची शक्यता निम्म्याहून जास्त आहे. पाच पाकळ्या मोजून कोणी भारावून गेले, तर मी त्याला मोहरीच्या चार आणि लिलीच्या सहा पाकळ्या दाखवतो. पारिजातकाने तुमच्या दिरांना दिलेली साथ अगदी रास्त होती. अननसाची गोष्ट वेगळी आहे, कारण १३ आणि २१ ओघाने हाती लागण्यासारखे आकडे नव्हेत, आणि ते दोन फळांवर, एकमेकांशी बेरजेच्या नात्याने आले.

शंखांचेही तसेच. नॉटिलस या समुद्री प्राण्याच्या शंखाच्या चित्रावर सोनेरी चौकटी आखून ‘सुवर्ण गुणोत्तर’ (या मालिकेतल्या लागोपाठच्या संख्यांचे गुणोत्तर ज्याच्या जवळ जात राहते ते, सुमारे १.६१८) दाखवण्याची फार हौस दिसते. सुवर्ण गुणोत्तराचा पेच एका पूर्ण फेऱ्यात सुमारे ६.८५ पट रुंदावतो. नॉटिलसचा शंख एका फेऱ्यात साधारण तिप्पट होतो. दोन्ही पेच एकाच कुळातले आहेत, कारण प्राणी आकार न बदलता वाढत असेल तर असाच पेच तयार होतो. पण त्या कुळात अगणित पेच आहेत आणि शंखाने सोनेरी निवडलेला नाही. ‘सुवर्ण’ हे विशेषणही फार जुने नाही. छापील पुस्तकात ते जर्मन गणितज्ञ मार्टिन ओम यांनी १८३५ मध्ये वापरलेले आढळते. युक्लिडच्या लेखी तो फक्त एका रेषेचा विभाग होता.

मोजायचेच असेल तर मँचेस्टरमध्ये २०१२ साली सामान्य लोकांकडून सूर्यफुले लावून घेऊन केले तसे मोजावे. ६५७ फुले मोजली गेली आणि २०१६ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध झाले: सुमारे तीन चतुर्थांश मोजण्यांत या मालिकेतल्या संख्या आल्या, उरलेल्यांत काही ४, ७, ११, १८ या भाऊबंद मालिकेतल्या होत्या आणि काही कशातच बसत नव्हत्या. देवाची सही असेल, तर ती चारातल्या एका चेकवर जुळत नाही असे म्हणावे लागेल.

लघुगुरू

सदाशिवराव, चेकचा दाखला झोंबणारा आहे, पण इथे एक वेगळी बाजू मांडाविशी वाटते. मी छंदःशास्त्राची विद्यार्थिनी आहे आणि या संख्या मला अननसाच्या आधी मात्रावृत्तांत भेटल्या.

लघु अक्षराची एक मात्रा आणि गुरू अक्षराच्या दोन. चार मात्रांचा गण किती प्रकारे भरता येईल? गुरू-गुरू, गुरू-लघु-लघु, लघु-गुरू-लघु, लघु-लघु-गुरू आणि चारही लघु, असे पाच प्रकारे. तीन मात्रांचा तीन प्रकारे भरतो, पाच मात्रांचा आठ प्रकारे, आणि आठ मात्रांचे आवर्तन चौतीस प्रकारे. कारण अगदी साधे आहे. ओळीचे शेवटचे अक्षर एक तर लघु असते किंवा गुरू. लघु असेल तर त्याच्या आधी एका मात्रेने कमी असलेली ओळ असते, गुरू असेल तर दोन मात्रांनी कमी असलेली. म्हणून प्रत्येक संख्या ही मागच्या दोन संख्यांची बेरीज. हा नियम विरहांक, गोपाल आणि हेमचंद्र या छंदःशास्त्रकारांनी सांगितला; त्यांतले हेमचंद्र गुजरातमध्ये ११५० च्या सुमारास लिहीत होते. ज्याच्या नावाने ही मालिका जगभर ओळखली जाते त्या पिसाच्या लिओनार्दोचा, म्हणजेच फिबोनाचीचा, सशांच्या जोड्या कशा वाढतात याचा हिशेब १२०२ चा आहे.

आता लगेच कोणी ‘आपल्या पूर्वजांना सगळे ठाऊक होते’ असे म्हणू नये. हेमचंद्रांनी अक्षरे मोजली. फुले मोजल्याचे त्यांनी कुठे म्हटलेले नाही, आणि अननस तर पोर्तुगीजांनी आणेपर्यंत या देशात नव्हताच. मला जे विलक्षण वाटते ते वेगळेच आहे. श्लोक रचणाऱ्याची जीभ आणि अननसाचा शेंडा यांचा एकमेकांशी काडीचा संबंध नसताना दोन्हीकडे तीच बेरीज उतरली, कारण दोन्हीकडे पुढची पायरी मागच्या दोन पायऱ्यांवर उभी राहते. कोथरूडकर ताई, तुम्ही अर्थ विचारलात. माझ्या मते अर्थ आकड्यात नसून या घडणीत आहे. तेराला स्वतःला काही सांगायचे नसते. ‘इथे काहीतरी आधीच्या दोहोंवर रचले जात आहे,’ एवढेच ते सुचवते, आणि मग काय कशावर रचले जात आहे ते दर वेळी नव्याने शोधावे लागते.

डोंगरवाटा

फुलांच्या गर्दीत दगडाची आठवण करून देतो. आपण पुणेकर ज्या काळ्या पाषाणावर घरे बांधून बसलो आहोत, तो साधारण ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा आहे. हा लाव्हा काही ठिकाणी थंड होताना उभ्या स्तंभांत तडकला. मुंबईत अंधेरीला गिल्बर्ट हिलवर जाऊन पाहा, सुमारे दोनशे फूट उंचीचे खांब कोणी तासून एकमेकांना खेटून उभे केल्यासारखे दिसतात. त्यांच्या माथ्यांना बहुधा पाच, सहा किंवा सात बाजू असतात आणि सहाचे पारडे जड असते. थंड होणारा दगड आकसतो, ताण सगळीकडे सारखा असतो, आणि तो सर्वांत काटकसरीने मोकळा करायचा तर तीन भेगांनी एका बिंदूत १२० अंशांनी भेटावे लागते.

मात्र चिखलात पाहा. उन्हाळ्यात खडकवासल्याचे पाणी मागे सरले की काठावरच्या गाळाला भेगा पडतात, आणि त्या पहिल्या खेपेला बऱ्याचशा काटकोनात भेटतात, कारण एक भेग आधी पडून जाते आणि दुसरी तिला येऊन धडकते. तोच गाळ अनेकदा भिजला आणि वाळला, तर कोन हळूहळू १२० कडे वळतात. थोडक्यात, षट्कोन हा लाव्ह्याचा जन्मजात स्वभाव नसून हप्त्याहप्त्याने कमावलेला आकार आहे. मधमाश्यांच्या पोळ्यातला षट्कोनही काटकसरीचाच आहे. सारख्या क्षेत्रफळाची घरे कमीत कमी भिंतींत आखायची तर षट्कोनच हवा, ही गोष्ट लोक प्राचीन काळापासून मानत आले होते, पण तिची सिद्धता थॉमस हेल्स यांनी दिली ती १९९९ मध्ये.

उशिरा आलेला

मास्तर, तुमच्या स्पष्टीकरणाने पहिला प्रश्न सुटला, पण दुसरा एक मजला वर सरकला असे मला वाटते. अंकुर एकमेकांना दूर ठेवतात म्हणून १३७.५, हे पटले. पण जगातल्या घडामोडी इतक्या थोड्या आणि सोप्या नियमांत मावाव्यातच का? यूजीन विग्नर या भौतिकशास्त्रज्ञाने १९६० च्या लेखात नेमके हेच विचारले होते, आणि नैसर्गिक विज्ञानात गणित इतके उपयोगी पडते याला चमत्काराशिवाय दुसरा शब्द त्यांना सापडला नव्हता.

तरीही या चमत्काराला एक पुणेरी दुरुस्ती सुचवतो. पावसाळ्यात धरणातून पाणी सोडले की लकडी पुलावर उभे राहून खाली पाहावे. प्रत्येक खांबामागे भोवरे तयार होतात आणि प्रवाहाबरोबर निघून जातात. त्या पाण्याचा नियम आपल्याला दीडशेहून अधिक वर्षे माहीत आहे, समीकरण एका ओळीत लिहिता येते, आणि तरी वाहत आलेली एखादी चप्पल पुढच्या मिनिटाला कुठे असेल हे कोणी सांगू शकत नाही. आपण अननस, शंख आणि पोळे यांची चित्रे भिंतीवर लावतो, आणि मुठेचा तो खळाळ सोडून देतो. गणिताला निसर्गाची भाषा म्हणताना, जे वाक्य आपल्याला वाचता आले तेवढेच आपण उद्धृत करत असतो, हे लक्षात ठेवायला हवे. मात्र त्यामुळे विग्नरचा प्रश्न मिटतो असे मी म्हणणार नाही. जे वाचता येते तेही वाचता का यावे, हा प्रश्न मला अजून छळतो.

कोथरूडकर

सर्वांचे मनःपूर्वक आभार. मास्तर, टाचण्या काढलेल्या नव्हत्या, पण अननस मात्र आता वास मारू लागला आहे. लाल आणि पिवळ्या ओळी खरोखरच एका बाजूला झुकतात आणि निळ्या विरुद्ध. भाचीने एका डोळ्याला शून्य म्हणून, आठ-आठच्या आणि तेरा-तेराच्या उड्या मारत, स्केचपेनने अर्ध्या फळावर क्रमांक लिहिले. एके ठिकाणी आठ आणि तेरा मिळून एकवीसवर येताना पाहून ती ओरडलीच. एका जागी दोन डोळे चिकटून आलेले आहेत आणि तिथून वर तिचे क्रमांक जुळत नाहीत, तो भाग तिने पुसून टाकला नाही, लाल वर्तुळ करून ठेवला.

सासऱ्यांना मी ऑक्सिनची हकीकत वाचून दाखवली. ते शांतपणे ऐकून म्हणाले, ‘म्हणजे सही करताना हात कसा फिरतो ते कळले, हात कोणाचा ते राहिलेच.’ दीर यावर काही बोलले नाहीत, पण तेही हळूच क्रमांक तपासून गेले. सासऱ्यांची एक शंका मात्र खरी आहे: सर्वांत मोकळी जागा हाच नियम असेल, तर आमच्या तुळशीने काय वेगळे केले?

निवृत्त मास्तर

लाल वर्तुळ केल्याबद्दल भाचीला माझ्याकडून शाबासकी द्या. माझ्या वर्गात पुष्कळ जण असा भाग गुपचूप पुसून टाकत.

तुळशीने नियम मोडलेला नाही. तिथे शेंड्यावर एका वेळी दोन अंकुर समोरासमोर फुटतात, आणि पुढच्या जोडीला सर्वांत मोकळी जागा आधीच्या जोडीच्या बरोबर मधल्या फटीत मिळते, म्हणून प्रत्येक जोडी खालच्या जोडीशी काटकोन करते. शेंड्याकडून खाली पाहिलेत तर पानांचा अधिक चिन्हासारखा आकार दिसेल. शनिवारी मारुतीला वाहतात त्या रुईच्या फांदीवरही हीच रचना असते. एकेक अंकुर येतो तिथे १३७.५, जोडीने येतात तिथे ९०. नियम एकच, सुरुवात वेगळी.

ज्याने हा नियम खरोखर अडचणीत आणला, तो पेव नावाचा रानातला झाडोरा. त्याचे प्रत्येक नवे पान आधीच्या पानापासून लांब जाण्याऐवजी थोड्याशाच कोनावर, जवळजवळ त्याच्या शेजारीच येते, त्यामुळे सगळी पाने एकाच ओळीत खोडाभोवती गोल जिन्यासारखी चढत जातात. हॉफमाइस्टरच्या नियमाप्रमाणे असे व्हायलाच नको. वर्गात एका विद्यार्थिनीने पेवाची फांदी माझ्या टेबलावर आणून ठेवली होती आणि त्या दिवशी मी तास दहा मिनिटे आधी सोडला होता.

पावसाळ्यात ताम्हिणीच्या बाजूला गेलात तर रस्त्याकडेला पेव भरपूर दिसेल, पांढरी फुले आणि त्यांखाली लालसर कणीस अशी खूण आहे. भाचीला फांदी न तोडता शेंड्याकडून पाहायला सांगा आणि लागोपाठच्या दहा पानांमधले कोन मोजायला लावा. कोनमापक प्लॅस्टिकचा न्या, कागदावर छापलेला तिथल्या पावसात टिकत नाही.